इमॅगो : मुखवट्यामागचा चेहरा

काही वर्षांपूर्वी उसाच्या पट्ट्यातल्या एका गावी शिक्षकांच्या शिबिरासाठी आम्ही गेलो होतो. मधल्या सुट्टीत दहावीच्या मुलांशी गप्पा झाल्या. "हुमणी कुणी पाहिली आहे?" असे विचारताच सगळे हात वर झाले. उसाची मुळे कुरतडणारी ती पांढरी, वाकडी, जाडजूड अळी त्या मुलांच्या चांगल्या ओळखीची होती. "आणि भुंगेरे?" तेही माहीत होते. वळवाचा पाऊस पडला की संध्याकाळी ते जमिनीतून निघतात, कडुनिंबावर आणि बाभळीवर बसतात आणि रातोरात पाला खाऊन टाकतात, असे एका मुलीने अगदी बिनचूक सांगितले. मग आम्ही विचारले, "हुमणीचा आणि भुंगेऱ्याचा एकमेकांशी संबंध काय?" कुणीच बोलेना. शेवटी एक मुलगा म्हणाला, "सर, हुमणी मुळं खाते आणि भुंगेरा पाला खातो. दोन्ही वेगळे आहेत."

याच मुलांच्या वहीत फुलपाखराच्या जीवनचक्राची सुरेख आकृती होती. अंडे, अळी, कोश, प्रौढ अशी नावे बाणांसह दिलेली होती. परंतु वहीतले चक्र वहीतच राहिले होते. शेतातली हुमणी ही भुंगेऱ्याची अळी आहे, हे त्या आकृतीने त्यांना सांगितले नव्हते. याची किंमत मोठी आहे. मे-जूनमध्ये झाडावरचे भुंगेरे गोळा करून मारले, तर अंडी घालण्यापूर्वीच पुढची पिढी रोखता येते. ऑगस्ट-सप्टेंबरमध्ये मुळाशी शिरलेल्या हुमणीचा बंदोबस्त करणे फार अवघड असते.

त्या मुलाला आम्ही हसलो नाही. त्याची चूक फार जुनी आहे आणि थोरामोठ्यांनी केलेली आहे. ती दुरुस्त व्हायला जवळजवळ दोन हजार वर्षे लागली. त्या दुरुस्तीची खूण म्हणून कीटकशास्त्रात एक शब्द राहून गेला आहे. क्रमिक पुस्तकात तो सहसा भेटत नाही. तो शब्द म्हणजे 'इमॅगो'.

इमॅगो म्हणजे कीटकाची पूर्ण वाढ झालेली, प्रजननक्षम अवस्था. ज्या कीटकांना पंख असतात त्यांचे पंख या अवस्थेत पूर्ण झालेले असतात. मराठीत आपण तिला 'प्रौढ' म्हणतो. पण लॅटिन भाषेत इमॅगोचा अर्थ प्रौढ असा नाही. त्याचा अर्थ आहे प्रतिमा, खरे रूप. कीटकाच्या एका अवस्थेला 'प्रतिमा' का म्हणावे, हे समजण्यासाठी थोडे मागे जावे लागेल.

इ. स. पूर्व चौथ्या शतकात ॲरिस्टॉटलने या प्राण्यांना 'एंटोमा' म्हटले. एंटोमा म्हणजे खाचा पडलेले, कापे असलेले. पुढे पहिल्या शतकात रोमन लेखक प्लिनी याने त्याच अर्थाचा 'इन्सेक्टा' हा लॅटिन शब्द वापरला. आजचे 'एंटॉमॉलॉजी' आणि 'इन्सेक्ट' हे शब्द तिथूनच आले. आपल्याकडे लक्ष गेले ते पायांकडे. संस्कृतात भुंग्याला 'षट्पद' असे नाव आहे. एकोणिसाव्या शतकात प्राणिशास्त्रज्ञांनी सहा पायांच्या या वर्गाला 'हेक्झापोडा' हे नाव दिले, त्याचाही अर्थ तोच.

ॲरिस्टॉटलने कीटक बारकाईने पाहिले होते. अळीचा कोश होतो आणि कोशातून फुलपाखरू निघते, हे त्याला माहीत होते. पण त्याची संगती लावताना तो अडखळला. अळी हे एक प्रकारचे अपुरे, मऊ अंडे आहे आणि ते वाढून कोश झाला म्हणजे खरे अंडे तयार होते, असे त्याने मानले. शिवाय काही कीटक चिखलातून, कुजणाऱ्या पदार्थांतून आपोआप उपजतात, असेही त्याचे मत होते. रक्ताभिसरणाचा शोध लावणाऱ्या विल्यम हार्वेनेसुद्धा १६५१ साली प्रसिद्ध केलेल्या ग्रंथात अळीला अपुरे अंडेच म्हटले. कोशात जुना प्राणी संपतो आणि त्याच द्रव्यातून, साच्यात ओतल्यासारखा, नवा प्राणी घडतो, अशी त्याची कल्पना होती. म्हणजे अळी वेगळी आणि फुलपाखरू वेगळे. आमच्या दहावीतल्या मित्राचे म्हणणे याहून फार निराळे नव्हते.

आपल्याकडचा भ्रमर-कीटक न्याय येथे आठवतो. कुंभारीण माशी मातीच्या घरट्यात अळी कोंडते आणि त्या माशीचा ध्यास घेतल्यामुळे अळी स्वतःच माशी बनते, अशी ही समजूत आहे. भागवताच्या अकराव्या स्कंधात अवधूताच्या चोवीस गुरूंमध्ये या माशीला स्थान आहे. एकनाथांच्या भागवतामुळे हा दृष्टान्त मराठी घरांत रुजला. दृष्टान्त ध्यानाचा आहे, तो त्याच्या जागी ठीक आहे. निरीक्षणही अर्धे बरोबर आहे, कारण आत अळी जाते आणि बाहेर माशी येते, हे कुणालाही दिसते. राहून गेले ते एवढेच, की माशी अळीला नांगी मारून लुळी करते आणि घरट्यात स्वतःचे अंडेही घालते. त्या अंड्यातून निघालेले पिल्लू कोंडलेली अळी खाऊन वाढते. बाहेर येते ती त्या पिल्लाची माशी. घरटे मधल्या काळात उघडून पाहिल्याशिवाय हे कळणे शक्य नव्हते.

मधल्या काळात उघडून पाहण्याचे काम युरोपात सतराव्या शतकात झाले. १६६८ साली इटलीतल्या फ्रांचेस्को रेडीने बरणीतल्या मांसावर जाळीचे कापड बांधून दाखवले, की माश्यांना आत जाऊ दिले नाही तर मांसात अळ्या पडत नाहीत. १६६९ साली मार्चेल्लो माल्पीगीने रेशमाच्या किड्याचे विच्छेदन करून त्याची अंतर्रचना प्रसिद्ध केली. त्याच वर्षी ॲमस्टरडॅमच्या यान स्वामरडॅमचा कीटकांवरचा ग्रंथ निघाला. आपल्या विषयाच्या दृष्टीने स्वामरडॅम सर्वांत महत्त्वाचा.

स्वामरडॅम शिक्षणाने वैद्य होता, पण त्याचे मन रमले ते बारीक कात्र्या, काचेच्या नळ्या आणि भिंगे यांत. कोश होण्याच्या बेतात असलेली अळी तो गरम पाण्यात आणि मग मद्यार्क व व्हिनेगर यांच्या मिश्रणात ठेवी. त्यामुळे आतले नाजूक भाग घट्ट होत. मग तो अळीची कातडी हलकेच सोलून काढी. आत घडी घातलेले पंख, लांब पाय आणि शृंगिका दिसत. पुढे टस्कनीचा ग्रँड ड्यूक झालेला कोझिमो द मेदिची हॉलंडला आला, तेव्हा त्याच्यासमोरही स्वामरडॅमने हे करून दाखवले. कोझिमोने त्याचा संग्रह बारा हजार फ्लोरिनला मागितला, पण त्यासाठी स्वामरडॅमने टस्कनीला येऊन राहावे अशी अट होती. स्वामरडॅमने नकार दिला. पुढे तो हलाखीत राहिला आणि १६८० साली, त्रेचाळिसाव्या वर्षी वारला. त्याचे उरलेले काम बोअरहाव्ह या डच वैद्याने १७३७-३८ मध्ये प्रसिद्ध केले.

स्वामरडॅमचा निष्कर्ष साधा होता. अळी मरत नाही आणि दुसरा प्राणी जन्मत नाही. अंडे, अळी, कोश आणि फुलपाखरू हा एकच प्राणी आहे.

स्वीडनच्या कार्ल लिनीअसच्या हाती प्राण्यांची नावे ठरवण्याचे काम आले, तेव्हा हा निष्कर्ष विद्वानांत स्थिरावला होता. लिनीअसने अवस्थांसाठी लॅटिनमधले तीन घरगुती शब्द उचलले. पहिला 'लार्व्हा', म्हणजे भूत किंवा मुखवटा. दुसरा 'प्यूपा', म्हणजे बाहुली किंवा लहान मुलगी. कोश खरोखरच दुपट्यात गच्च गुंडाळलेल्या बाळासारखा दिसतो. आणि तिसरा 'इमॅगो', म्हणजे प्रतिमा. या अर्थाने इमॅगो हा शब्द त्याच्या 'सिस्टेमा नॅचुरी' या ग्रंथाच्या बाराव्या आवृत्तीत, १७६७ साली, आढळतो. तिन्ही शब्द एकापुढे एक ठेवले की एक वाक्यच तयार होते : मुखवटा घातलेला प्राणी गुंडाळून घेतो आणि शेवटी आपले खरे रूप दाखवतो. म्हणजे ही नुसती नावे नाहीत, तो स्वामरडॅमचा सिद्धान्त आहे. मुखवटा आणि चेहरा एकाच प्राण्याचे असतात, हे त्यात गृहीत धरले आहे.

परंतु नाव चांगले असले तरी ते सगळे खरे सांगते असे नाही. स्वामरडॅमला वाटले होते, की फुलपाखराचे सारे अवयव अळीत आधीपासून तयार असतात, ते फक्त मोठे होतात. तसे नसते. १८६४ साली जर्मन शास्त्रज्ञ ऑगस्ट वाइझमान याने माश्यांच्या अळीत पेशींची छोटी चपटी पुडकी असतात, असे दाखवून त्यांना 'इमॅजिनल डिस्क' हे नाव दिले. येथे इमॅजिनल म्हणजे काल्पनिक नव्हे, तर इमॅगोची, प्रौढाची. अशा एका चकतीपासून पंख, दुसरीपासून पाय, तिसरीपासून डोळा व शृंगिका तयार होतात. कोशात अळीचे बरेचसे अवयव विरघळतात आणि त्या द्रव्यावर या चकत्या वाढतात. म्हणजे प्राणी एकच, हे स्वामरडॅमचे म्हणणे बरोबर. आणि आत बरेच मोडून पुन्हा घडते, ही हार्वेची शंकाही अगदीच पोकळ नव्हती.

मग मुखवटा उतरवायचा केव्हा, हे कोण ठरवते? १९३० च्या दशकात इंग्लंडमध्ये व्हिन्सेंट विगल्सवर्थने ऱ्होडनिअस या रक्त शोषणाऱ्या ढेकणावर प्रयोग केले. डोक्यातल्या एका लहानशा ग्रंथीतून झिरपणारे द्रव्य प्रौढावस्था रोखून धरते, असे त्याला आढळले. हेच बालसंप्रेरक. याचा प्रताप १९६५ साली हार्वर्ड विद्यापीठात अनपेक्षितपणे दिसला. कारेल स्लामा यांनी चेकोस्लोव्हाकियातून नेलेले ढेकूण तेथे प्रौढ होईनात. ते एक जादा कात टाकून आणखी मोठी पिल्लेच होत आणि मरत. शोध घेतल्यावर दोष सापडला तो बरण्यांत घातलेल्या कागदात. अमेरिकन कागद ज्या झाडांपासून बनत, त्यांपैकी बाल्सम फर या झाडात बालसंप्रेरकासारखे द्रव्य असते. अमेरिकन वर्तमानपत्रांच्या कागदावरही ढेकूण प्रौढ होत नव्हते, पण लंडनच्या 'नेचर' नियतकालिकाच्या कागदावर सुखाने प्रौढ होत होते! पुढे या द्रव्यांच्या धर्तीवर मेथोप्रीनसारखी डासनाशके तयार झाली. ती डासाची अळी मारत नाहीत, तिला इमॅगो होऊ देत नाहीत.

एवढी मोडतोड झाल्यावर 'प्राणी एकच' म्हणण्याला काय अर्थ उरतो, असा प्रश्न हुशार विद्यार्थी विचारील. त्याने तो विचारावा. २००८ साली अमेरिकेत ब्लॅकिस्टन, केसी आणि वाइस यांनी तंबाखूवरच्या पतंगाच्या अळ्यांना एक विशिष्ट वास देऊन त्याच वेळी विजेचा हलका झटका दिला. अळ्या तो वास टाळू लागल्या. शेवटच्या अवस्थेत हे शिकलेल्या अळ्यांचे जे पतंग झाले, तेही तो वास टाळत राहिले. कोशातल्या उलथापालथीतून मज्जासंस्थेचा काही भाग टिकतो आणि त्याबरोबर अळीची आठवणही टिकते.

लिनीअसच्या शब्दांत आणखी एक खोच आहे. अळीला मुखवटा म्हटले की अळी गौण ठरते. शास्त्रीय वर्णनेही बहुतेक इमॅगोवरून झाली. अनेक कीटकांची अळी आजही कुणाला माहीत नाही. पण रेशमाचा पतंग काहीच खात नाही, त्याचे सारे खाणे अळीपणीच झालेले असते. हुमणी महिनोन्‌महिने जमिनीत खात वाढते. आपल्या शेतकऱ्याने नावे ठेवली तीही अळ्यांना : घाटेअळी, बोंडअळी, लष्करी अळी. त्याच्या दृष्टीने तोच खरा चेहरा आहे. विज्ञानाने चेहरा एका टोकाला पाहिला, शेतकऱ्याने दुसऱ्या टोकाला. दोन्ही टोके जोडण्याचे काम शाळेत व्हायला हवे.

त्यासाठी प्रयोगशाळा लागत नाही. लिंबाच्या किंवा कढीपत्त्याच्या झाडावर पक्ष्याच्या विष्ठेसारखी दिसणारी लहान अळी सापडते. ती लिंबाच्या फुलपाखराची असते. रुंद तोंडाच्या बरणीत रोज ताजी पाने घालून, तोंडावर कापड बांधून ती वाढवावी. मोठी झाल्यावर ती हिरवी होते आणि नंतर काडीला दोरा बांधून कोश करते. कोश झाल्यावर भिंग घेऊन नीट पाहावे. पंख, पाय, शृंगिका आणि सोंड यांच्या कडा कोशाच्या कवचावर उमटलेल्या दिसतात. फुलपाखरू निघण्याच्या आदल्या दिवशी पंखांवरचे ठिपकेही कवचातून दिसू लागतात. स्वामरडॅमने कातडी सोलून दाखवले ते येथे काहीही न कापता पाहता येते.

त्या शिबिराच्या शेवटच्या दिवशी शाळेच्या सरांनी मुलांना शेताच्या कडेला नेले आणि माती भरलेल्या कुंडीत गवत लावून त्यात चार हुमण्या सोडायला सांगितल्या. पुढच्या उन्हाळ्यात, वळवाच्या पावसानंतर, त्यांचे पोस्टकार्ड आले. कुंडीवर बांधलेल्या जाळीखाली एका संध्याकाळी दोन भुंगेरे बसलेले होते. बाकीच्या दोन हुमण्या मेल्या असाव्यात. "दोन्ही वेगळे आहेत" म्हणणारा मुलगा तोवर शाळा सोडून गेला होता, म्हणून सर भुंगेरे काड्यापेटीत घालून त्याच्या शेतावर दाखवायला घेऊन गेले होते.