एका गल्लीची तीन नावे : बार्सिलोना

१/ बार्सिलोनाच्या जुन्या शहरातील एक अरुंद गल्ली आजवर तीन नावांनी ओळखली गेली : प्रथम एका प्रार्थनास्थळाच्या, मग एका संताच्या आणि आता एका विद्वानाच्या. या नावांत एका समाजाचा इतिहास साठलेला आहे. #थ्रेड

२/ मध्ययुगात तेथील गल्ल्यांना बहुधा व्यवसायांवरून नावे पडत. 'अर्जेंतेरिया' ही चांदीच्या कारागिरांची, 'सोम्ब्रेरेर्स' टोप्या करणाऱ्यांची. ही नावे कोणी बहाल केली नव्हती. ती लोकांच्या तोंडी रुळली होती.

३/ यहुदी वस्तीला 'काल्य' म्हणत. हा शब्द हिब्रू 'काहाल' (समुदाय) यावरून आला की लॅटिन 'काल्लिस' (वाट) यावरून, याविषयी अभ्यासकांत मतभेद आहेत. वस्तीतील थोरल्या सिनेगॉगची गल्ली त्याच्याच नावाने ओळखली जाई.

४/ याच वस्तीत सालोमो बेन आद्रेत (१२३५–१३१०) हे रब्बी होऊन गेले. धर्मशास्त्रातील शंका घेऊन दूरदूरच्या देशांतून त्यांच्याकडे पत्रे येत. त्यांची हजारो उत्तरे आजही अभ्यासली जातात.

५/ जून १३९१ मध्ये सेव्हिल येथे यहुद्यांविरुद्ध दंगल उसळली आणि शहरामागून शहर पेटत गेले. ५ ऑगस्टला जमाव बार्सिलोनाच्या वस्तीत घुसला. अनेकांची कत्तल झाली. कित्येकांनी जीव वाचवण्यासाठी बाप्तिस्मा स्वीकारला.

६/ ५ ऑगस्ट हा त्या काळी संत डॉमिनिक यांचा सण होता. पुढे सिनेगॉगच्या गल्लीला त्यांचेच नाव मिळाले : 'सांत दोमेनेक देल काल्य'. ज्या दिवशी वस्ती उद्ध्वस्त झाली, तो दिवस असा पाटीवर कोरला गेला.

७/ वस्ती पुन्हा उभी राहिली नाही. १४०१ मध्ये राजा मार्टिन याने शहरात यहुदी वस्ती नसावी, ही नगराची मागणी मान्य केली.

८/ शतके लोटली. १८२० मध्ये जवळच्या मार्लेट गल्लीत हिब्रू शिलालेख सापडला. एका रब्बीने केलेल्या धर्मादाय दानाची ती नोंद होती. आज तेथे त्याची प्रतिकृती दिसते.

९/ अलीकडे नगरपालिकेने संताचे नाव काढून गल्लीला 'सालोमो बेन आद्रेत' हे नाव दिले. त्याने १३९१ चे काही भरून निघत नाही. मात्र तेथून जाणाऱ्याला आता त्या वस्तीच्या विध्वंसाआधी तिच्यातल्या एका माणसाचे नाव भेटते.