अफगाण चर्चच्या भिंतीवरची नावं

देवणीहून मी पहिल्यांदा मुंबईला गेलो तो कविसंमेलनासाठी. कुलाब्याच्या बसमध्ये कंडक्टरनं ‘अफगाण चर्च’ अशी हाक दिली आणि मी चमकलो. अफगाण आणि चर्च, ही जोडी जुळली कशी? तिथंच उतरलो.

दारात सवयीनं चपला काढू लागलो. रखवालदार म्हणाला, “राहू द्या, चालतं.”

या चर्चचं खरं नाव सेंट जॉन द इव्हँजेलिस्ट. रूप थेट इंग्लंडच्या एखाद्या गावातल्या चर्चचं. मधोमध लांब दालन, दोन्ही बाजूंना खांबांच्या रांगा, वर टोकदार कमानी, पूर्वेला वेदी आणि तिच्यामागं रंगीत काचांची खिडकी. नकाशा हेन्री कॉनिबेअर या इंजिनिअरचा. मुंबईला पाणी देणारा विहार तलावही त्यानंच बांधला. आतली सजावट लंडनच्या विल्यम बटरफिल्डची. फरशा विलायतेहून आल्या, दगड मात्र इथलाच. बाकांना खाचा आहेत. प्रार्थनेला येणारे गोरे सैनिक त्यांत बंदुका उभ्या करून ठेवत.

पाया १८४७ साली घातला गेला, १८५८ मध्ये चर्च प्रार्थनेला खुलं झालं. १९८ फुटांचा निमुळता मनोरा पुरा व्हायला १८६५ उजाडलं. त्यासाठी देणगी देणाऱ्यांत कावसजी जहांगीर हे पारशी गृहस्थ होते.

आता नावामागची गोष्ट. १८३८ मध्ये इंग्रजांनी अफगाणिस्तानवर स्वारी काढली. पुढच्या वर्षी काबूल घेतलं, पण टिकवता आलं नाही. ६ जानेवारी १८४२ रोजी सुमारे साडेचार हजार सैनिक काबूल सोडून निघाले. त्यांत बहुतेक हिंदी शिपाई. सोबत बारा हजारांच्या आसपास बुणगे, बायकामुलं. बर्फानं आणि खिंडींतल्या गोळ्यांनी आठवडाभरात ती फौज संपली. जलालाबादच्या तटापाशी डॉ. ब्रायडन जखमी घोड्यावरून एकटा पोचला. मागाहून काही थोडे शिपाई आले, काही कैदी पुढं सुटले. या मोहिमेत आणि सिंधमध्ये कामी आलेल्यांचं हे स्मारक.

भिंतीवरच्या पाट्या मी सावकाश वाचल्या. अधिकाऱ्यांची नावं कोरलेली आहेत. साध्या सैनिकांविषयी मजकूर सांगतो, की ते इतके होते, की त्यांची नावं लिहिणं शक्य नव्हतं.

मी तिथंच थांबलो. ३० सप्टेंबर १९९३ ला आमच्या जिल्ह्यात किल्लारीचा भूकंप झाला. रेडिओवर आकडे येत होते आणि आम्ही येणाऱ्याजाणाऱ्याला नावं विचारत होतो. मेलेली माणसं फार असली, तरी प्रत्येकाच्या घरी एकच नाव गेलेलं असतं. काबूलच्या वाटेवर पडलेल्या शिपायांच्याही घरी कुणीतरी असंच विचारलं असेल. तोफा ओढणाऱ्या बैलांच्या गाडीवानांना आणि पखालीवाल्यांना तर त्या मजकुरातही जागा नाही.

चर्च सुंदर आहे, यात शंका नाही. कुलाब्याला गेलात तर जरूर पाहा. कमानी पाहा, काचांतून उतरणारा उजेड पाहा. पाट्यांवरची नावं वाचा. आणि ज्यांची नावं लिहिली नाहीत, त्यांच्या त्या ओळीपाशी थोडं जास्त थांबा.