सरकार, बादल
(१५ जुलै १९२५–१३ मे २०११). बंगाली नाटककार, दिग्दर्शक व नट. शिबपूरला स्थापत्य अभियांत्रिकी शिकून ते नगररचनाकार झाले आणि भारत, इंग्लंड व नायजेरियात त्यांनी नोकरी केली. ‘एवं इंद्रजित’ने (१९६३) त्यांचे नाव देशभर झाले. १९६७ मध्ये कोलकात्यात त्यांनी ‘शताब्दी’ ही नाट्यसंस्था काढली. १९७१ च्या ‘सगिना महातो’पासून मात्र त्यांनी चौकटीचा रंगमंच सोडला आणि प्रेक्षकांच्या मधोमध, जमिनीवर प्रयोग सुरू केले. याला प्रयोगशीलतेची हौस म्हणणे अपुरे आहे. मुळाशी पैशाचा हिशेब होता. थिएटरचे भाडे, नेपथ्य, प्रकाशयोजना हे सारे तिकिटात शिरते आणि तिकीट काढलेला माणूस अंधारात बसून नुसता गिऱ्हाईक होतो. हे नाते बदलायचे तर आधी खर्च काढून टाकायला हवा, म्हणून यंत्र असो की गर्दी, सगळे काही नटांनी अंगानेच उभे करायचे. गावातली लोकरंगभूमी पहिली, शहरी नाट्यगृहातली दुसरी, म्हणून हिला ते ‘तिसरी रंगभूमी’ म्हणत.

‘मिछिल’ (१९७४) पाहिले की ही पद्धत कळते. बाके अशी मांडलेली की मधून वळणावळणाच्या वाटा निघाव्यात. मोर्चे त्याच वाटांनी प्रेक्षकांना खेटून जातात. खोका नावाचा मुलगा मारला गेला आहे आणि पोलीस सांगतो, कोणी मेलेले नाही, घरी जा. नट व प्रेक्षक एकाच उजेडात असल्याने हे वाक्य आपल्यालाही उद्देशून आहे, हे टाळता येत नाही. शेवटच्या मोर्चात प्रेक्षकांनाही ओढून घेतले जाते.

यावर आक्षेप असा की, हा सहभाग वरवरचा आहे. ब्राझीलचे नाट्यदिग्दर्शक आउगुस्तो बोआल यांच्या ‘फोरम थिएटर’मध्ये प्रेक्षक नटाची जागा घेऊन प्रसंगच बदलतो. इथे त्याने फक्त मागून चालायचे. आक्षेप खरा आहे. पण सरकारांना कथानकाची किल्ली प्रेक्षकाच्या हाती द्यायची नव्हती; त्याला बघ्याची सुरक्षित जागा मिळू द्यायची नव्हती, आणि तेवढे ते साधतात. दुसरी तक्रार अधिक जड आहे: या काळातल्या संहिता आधीच्या नाटकांपेक्षा विरळ आहेत. वाचायला त्या विरळ वाटतात खऱ्या, ‘भोमा’सुद्धा; पण अर्धा मजकूर नटांच्या हालचालीत असताना छापील पानावरून निकाल देणे अन्यायाचे आहे. अमेरिकी दिग्दर्शक रिचर्ड शेकनर व पोलिश दिग्दर्शक ग्रोटोव्स्की यांचे ऋण मात्र नाकारता येत नाही. तरी चहूबाजूंनी बसलेल्या लोकांत खेळले जाणारे ‘जात्रा’ हे लोकनाट्य बंगालात आधीपासून होतेच.

परदेशात हल्ली प्रेक्षकाला नाटकात फिरवणारे प्रयोग अख्ख्या इमारती सजवून, महागडी तिकिटे लावून होतात. त्या कसोटीवर सरकारांची रंगभूमी गरीब ठरते, पण ती गरिबी त्यांनी निवडलेली होती. अमोल पालेकरांनी ‘मिछिल’ मराठीत ‘जुलूस’ या नावाने केले. पद्मश्री (१९७२) मिळालेल्या सरकारांनी २०१० मध्ये पद्मभूषण नाकारले.