स्वसुसंगती तत्त्व

स्वसुसंगती तत्त्व : भूतकाळात जाण्याचा मार्ग एखाद्या विश्वात उपलब्ध असला, तरी स्वतःचेच कारण खोडून काढणारी घटना तेथे घडू शकत नाही, असे सांगणारे सैद्धांतिक भौतिकीतील तत्त्व. रशियन खगोलभौतिकीविज्ञ ईगॉर नोविकोव्ह (जन्म १९३५) यांच्या नावाने ते ओळखले जाते.

पार्श्वभूमी : कुर्ट गोडेल यांनी १९४९ मध्ये आइन्स्टाइन यांच्या व्यापक सापेक्षता सिद्धांताच्या समीकरणांतून फिरत्या विश्वाची प्रतिकृती मांडली. तिच्यात प्रकाशाचा वेग कोठेही न ओलांडता प्रवासी आपल्याच भूतकाळात परतू शकतो. अशा मार्गांना ‘बंद कालसदृश वक्र’ म्हणतात. पुढे १९८८ मध्ये मायकेल मॉरिस, किप थॉर्न आणि उल्वी युर्टसेव्हर यांनी वर्महोलच्या (अवकाशकालातील दोन ठिकाणे जोडणाऱ्या बोगद्याच्या) एका तोंडाला वेगवान फेरी घडवून त्याचे कालयंत्र करता येईल, असे गणिताने दाखवले. वर्महोल उघडे राहण्यासाठी मात्र ऋण ऊर्जा लागते.

येथेच जुना पेच उभा राहतो : नातवाने भूतकाळात जाऊन आजोबांना तरुणपणीच ठार केले, तर नातू जन्मणार कसा आणि तो जन्मलाच नाही, तर मारणार कोण?

बिलियर्डचा चेंडू : या पेचातून माणूस आणि त्याची इच्छाशक्ती वगळून जोसेफ पोल्चिन्स्की यांनी तो निखळ यामिकीचा केला. एक चेंडू वर्महोलच्या तोंडात शिरतो, दुसऱ्या तोंडातून थोडा आधी बाहेर पडतो आणि आत शिरू पाहणाऱ्या स्वतःलाच धडकून बाजूला ढकलतो. मग तो आत गेलाच कसा?

थॉर्न यांचे विद्यार्थी फर्नांडो एचेव्हेरिया आणि गुन्नार क्लिंकहॅमर यांनी याचे उत्तर शोधले. बाहेर पडणारा चेंडू किंचित वेगळ्या दिशेने येतो आणि पहिल्याला ओझरता धक्का देतो; कॅरमची सोंगटी दुसरीला नुसती चाटून जावी, तसा. त्या धक्क्याने पहिला चेंडू थोडा वळतो, तरीही तोंडात शिरतोच. वळून शिरल्यामुळेच तो बाहेर पडताना वेगळ्या दिशेने येतो. वर्तुळ पूर्ण होते आणि कोठेही विरोध उरत नाही. या युक्तिवादाचे बीज जॉन व्हीलर आणि रिचर्ड फाइनमन यांच्या १९४९ च्या निबंधात सापडते. भविष्याकडून भूतकाळाकडे जाणारा विद्युत परिणाम मानल्यास उद्भवणारा असाच पेच त्यांनी ओझरत्या धक्क्यानेच सोडवला होता. त्यांच्या या विद्युत्‌गतिकीला फ्रेड हॉइल आणि जयंत नारळीकर यांनी १९६० च्या दशकात विश्वरचनाशास्त्राची जोड दिली.

स्वसंदर्भाशी नाते : तत्त्वाची खरी अडचण उत्तर न सापडण्याची नसून फार उत्तरे सापडण्याची आहे. चेंडूची सुरुवातीची जागा आणि वेग एकच ठेवूनही सुसंगत मार्ग अनेक, काही वेळा अगणित निघतात. तर्कशास्त्रातही असेच जोडपे आढळते. ‘हे विधान खोटे आहे’ या विधानाला कोणतेच सत्यमूल्य लागू पडत नाही, तर ‘हे विधान खरे आहे’ याला दोन्ही लागू पडतात. स्वसुसंगती तत्त्व पहिल्या प्रकारची कोंडी फोडते, दुसऱ्या प्रकारची शिल्लक ठेवते. आरंभ ठाऊक असला की शेवट ठरतो, हा अभिजात भौतिकीचा भरवसा तेथे टिकत नाही. सात संशोधकांनी १९९० मध्ये ‘फिजिकल रिव्ह्यू डी’मध्ये प्रसिद्ध केलेल्या निबंधात या प्रश्नाची पद्धतशीर चर्चा आहे, नोविकोव्ह आणि थॉर्न हे त्यांपैकी दोघे.

तत्त्व एखाद्या पहारेकऱ्यासारखे नातवाचा हात धरत नाही, हे नीट समजून घेतले पाहिजे. ते नवे बल नसून उत्तरावरची अट आहे : भौतिकीचे नियम वक्रावरच्या प्रत्येक ठिकाणी एकाच वेळी पाळले गेले पाहिजेत.

अन्य मते : डेव्हिड डॉइच यांनी १९९१ मध्ये पुंजयामिकीच्या आधारे दाखवले, की वक्रावरून फिरून येणारी अवस्था मूळ अवस्थेशी जुळावी, एवढीच अट घातली तर सुसंगत उत्तर नेहमीच मिळते. स्टीव्हन हॉकिंग यांनी १९९२ मध्ये वेगळी भूमिका घेतली : निसर्गनियम बंद कालसदृश वक्र तयारच होऊ देत नाहीत. हे ‘कालक्रमरक्षण अनुमान’ अद्याप सिद्ध झालेले नाही. त्यासाठी गुरुत्वाकर्षणाचा पूर्ण पुंज सिद्धांत हाती यावा लागेल.

महत्त्व : असे वक्र निसर्गात आढळल्याचा पुरावा नाही. तरीही या तत्त्वाचे मोल मोठे आहे. ज्या पेचावरून कालप्रवास तर्कदृष्ट्याच अशक्य ठरवला जाई, तो पेच म्हणजे तसा निवाडा नव्हे, हे त्याने दाखवून दिले. कालप्रवास शक्य की अशक्य, याचा निर्णय आता तर्काने नव्हे, तर भौतिकीनेच द्यायचा आहे.