फेरफार नोंदीतील विलंब आणि न्यायालयाची दाद

मुंबई इलाख्यात जमिनीवरील हक्कांची नोंद ठेवण्याचा कायदा १९०३ साली झाला व १९१३ साली तो १८७९ च्या जमीन महसूल संहितेत समाविष्ट करण्यात आला. खरेदीने अगर वारसाहक्काने जमीन मिळालेल्या इसमाने तीन महिन्यांच्या आत तलाठ्यास वर्दी द्यावी, तलाठ्याने ती फेरफार पत्रकात नोंदवून संबंधितांस कळवावे आणि वरिष्ठ अधिकाऱ्याने ती प्रमाणित करावी, असा क्रम त्यात घालून दिलेला होता.

खातेदारावर मुदतीचे बंधन घालणाऱ्या याच प्रकरणाने, नोंद करवून घेण्यासाठी शासनाविरुद्ध दावा लावण्यास मात्र मनाई केली. खातेदाराचा हक्क नाकारणाऱ्या इसमाविरुद्ध हक्कनिश्चितीचा दिवाणी दावा तेवढा करता येत असे. हक्काचा वाद असेल तेथे ही योजना ठीक होती. परंतु सर्व भाऊबंदांची संमती असून केवळ कचेरीत प्रकरण पडून राहिले, तर दावा लावावयाचा कोणावर? प्रतिवादीच नसलेल्या या तक्रारीचा विचार कायद्याने केलेला दिसत नाही. अशा खातेदारास महसूल खात्याच्याच वरिष्ठांकडे अर्ज करणे प्राप्त होते.

सार्वजनिक अधिकाऱ्यास त्याचे कर्तव्य करण्याचा हुकूम देण्याची तरतूद १८७७ च्या विनिर्दिष्ट अनुतोष कायद्याच्या कलम ४५ मध्ये होती. तथापि मुंबईच्या उच्च न्यायालयास तो अधिकार आपल्या मूळ दिवाणी अधिकारक्षेत्रापुरता, म्हणजे मुंबई शहरापुरताच होता. साताऱ्याच्या अगर खानदेशाच्या रयतेस त्याचा उपयोग नव्हता. २६ जानेवारी १९५० पासून संविधानाच्या अनुच्छेद २२६ ने ही भौगोलिक मर्यादा नाहीशी केली आणि परमादेशाची दाद गावोगावच्या खातेदारास खुली झाली.

या दादीचे स्वरूप नीट ध्यानात घेतले पाहिजे. न्यायालय 'अर्जाचा निर्णय अमुक मुदतीत करा' असे सांगते. नाव कोणाचे लावावे, हे सामान्यतः सांगत नाही. फेरफाराने मालकी उत्पन्न होत नाही, हे तत्त्व प्रिव्ही कौन्सिलने १९२६ साली व सर्वोच्च न्यायालयाने १९९६ साली स्पष्ट केलेले आहे.

यावरून विलंब निरुपद्रवी ठरत नाही. प्रमाणित नोंद, विरुद्ध शाबीत होईपर्यंत, खरी मानावी असे १९६६ च्या महाराष्ट्र जमीन महसूल संहितेचे कलम १५७ सांगते. पूर्वीच्या संहितेतही हेच गृहीतक होते. म्हणजे नोंद रखडते तोवर कायद्याचे गृहीतक मृत खातेदाराच्या नावामागे उभे राहते, आणि शेत कसणाऱ्या त्याच्या विधवेस कर्जासाठी दाखवावयास आपल्या नावाचा उतारा मिळत नाही. १९६६ च्या संहितेने दाव्याची मनाईही कलम १५८ मध्ये कायम ठेवली. म्हणूनच परमादेशाचे महत्त्व विशेष आहे. तो मालकी देत नाही. थांबलेली लेखणी पुन्हा चालू करतो.