वामन भोसले : पडद्यामागची कात्री

चंदनसारहून स्टेशन गाठून चर्चगेटची लोकल पकडली की वाटेत मालाड लागतं, पाठोपाठ गोरेगाव. मालाडला बॉम्बे टॉकीज होती, गोरेगावला फिल्मिस्तान. आज गर्दीत उभं राहून ही स्टेशनं ओलांडताना तिथे कोण कोण घडलं, हे कुणाच्या मनात येत नाही. त्यांपैकीच एक वामन भोसले.

1932 साली गोव्यातल्या पोंबुर्फा गावी त्यांचा जन्म झाला. 1952 मध्ये नोकरी शोधत ते मुंबईत आले. बॉम्बे टॉकीजमध्ये डी. एन. पै यांच्या हाताखाली संकलन शिकू लागले. ती कंपनी तेव्हा अखेरच्या घटका मोजत होती. पुढे फिल्मिस्तानमध्ये त्यांनी सुमारे बारा वर्षं सहायक म्हणून काढली. राज खोसलांच्या ‘दो रास्ते’मुळे (1969) स्वतंत्र संकलक म्हणून त्यांचं नाव पडद्यावर आलं, तेव्हा वय सदतिशीच्या घरात होतं. शागिर्दी अशी लांब असते!

काम कसं होतं? 35 मिलिमीटरची फिल्म सेकंदाला 24 चौकटींनी धावते, म्हणजे मिनिटाला 90 फूट. तीन तासांचा सिनेमा सोळा हजार फुटांहून लांब, आणि चित्रीकरण त्याच्या कितीतरी पट. त्यातलं नेमकं निवडायचं, हाताने कापायचं, जोडायचं, आवाजाची वेगळी पट्टी ओठांशी जुळवायची.

गुरुदत्त शिराळी यांच्यासोबत त्यांची जोडी जमली. गुलज़ार यांचे ‘अचानक’, ‘आँधी’, ‘मौसम’ या जोडीनेच कापले. ‘अचानक’ची कथा ख्वाजा अहमद अब्बास यांची. सिनेमात एकही गाणं नाही. ‘आँधी’ आणि ‘मौसम’मध्ये वर्तमानातून भूतकाळात सारखी ये-जा आहे, तरी प्रेक्षक कुठे अडखळत नाही. उर्दू शिकवणारा म्हणून मला यात एक गोष्ट जाणवते. संवादातला ठहराव अर्ध्या सेकंदाने जरी कापला, तरी त्यातली नज़ाकत जाते. पोंबुर्फ्याच्या माणसाने तो ठहराव ओळखला आणि जपला.

‘इन्कार’साठी (1977) त्यांना राष्ट्रीय पुरस्कार मिळाला, ‘सौदागर’साठी (1991) फिल्मफेअर. सुभाष घईंचे ‘कालीचरण’पासून अनेक चित्रपट त्यांच्याच टेबलावरून गेले. 26 एप्रिल 2021 रोजी, कोरोनाच्या लाटेत देश होरपळत असताना, ते गेले.

हल्ली सिनेमाचा इतिहास सांगताना कुणाचे किती, आमचे किती, अशी मोजदाद होते. आपल्याकडचे लोकही दिलीपकुमार, मधुबाला, साहिर अशी यादी पुढे करून गप्प होतात. पण त्या खोलीत अब्बासांची कथा, गुलज़ारांची ज़बान आणि भोसले-शिराळींची कात्री एकाच टेबलावर होती. यातला कुणाचा वाटा वेगळा काढणार? काढायला गेलात, तर सिनेमाच फाटेल.

पुढच्या वेळी जुना सिनेमा लावाल तेव्हा नामावली पळवू नका. संकलकाच्या नावापर्यंत थांबा.