कारणाचा रकाना

देहूहून पंढरपुरास जाणारी तुकोबांची पालखी बारामती, इंदापूर या गांवीं मुक्काम करते. त्या वाटेवर चिलीम ओढणारा एखादा बैरागी बरळूं लागला, तर बघणारे निदान तत्काळ ठरवितात : गांजानें वेड लागलें!

हेंच निदान एके काळीं सरकारी कागदांवरही उतरत असे. १८९२ सालीं ब्रिटिश हिंदुस्थानांतील वेड्यांच्या इस्पितळांत १,३४४ रोगी दाखल झाले. त्यांपैकीं २२२ जणांच्या वेडाचें कारण गांजा, भांग वा चरस असें नोंदलेलें होतें. १८९३ सालीं नेमलेल्या चौकशी मंडळानें एकेका रोग्याची हकीकत पुन्हां तपासली. तेव्हां दिसलें कीं, कारणाचा रकाना पुष्कळदां पोलिसांच्या कागदावरून जसाचा तसा उतरविला होता. छाननीअंतीं गांजाचा संबंध ९८ रोग्यांपुरताच टिकला. त्यांतही ३७ जणांच्या बाबतींत इतर कारणें जोडीला होतीं.

आज जागतिक आरोग्य संघटनेच्या २०२२ पासून अंमलांत आलेल्या रोगवर्गीकरणांत गांजाच्या व्यसनाधीनतेस ‘६सी४१.२’ हा संकेतांक आहे. केवळ चिलीम ओढली म्हणून तो लावतां येत नाहीं. सेवनावर ताबा न राहणें, घरसंसाराहून त्यास अधिक महत्त्व देणें, शरीरास सवय जडल्याच्या खुणा दिसणें, या तिहींपैकीं दोन लक्षणें सामान्यतः वर्षभर आढळावीं लागतात. सेवन नित्याचें असल्यास तीन महिने पुरतात.

रकाना चुकीचा भरला, तर खरें दुखणें उपचारावांचून राहतें. म्हणून आधीं माणसाची हकीकत ऐकावी. आंकडा मागाहून लिहावा.